सीमेवरचा कुंटणखाना आणि महिन्याच्या दंडाची पावती

प्रश्न थोडक्यात असा आहे. एक लेखक मराठीत कादंबरी लिहीत आहेत. काळ १८७५ चा, स्थळ अमेरिकेच्या पश्चिम सीमेवरचे, म्हणजे नवी वसाहत जिथवर सरकली होती त्या कडेवरचे, नेवाडा राज्यातील चांदीच्या खाणींचे एक गाव. नायिका कुंटणखाना चालवते. ती मनाने उदार, जिभेने तिखट आणि गाठीला बक्कळ पैसा असलेली आहे. पहिल्याच प्रकरणात गावाचा मार्शल, म्हणजे पोलीसप्रमुख, रात्री तिच्या घरावर धाड घालतो आणि ती बंदूक रोखून त्याला आल्या पावली परत पाठवते. हे सारे कितपत खरे वाटेल, आणि चित्रपटांत दिसणारी ‘सोन्याच्या काळजाची’ वेश्या इतिहासात खरोखर सापडते का, असे त्यांनी विचारले आहे.

मी एकोणीस वर्षे कोलोरॅडोतील एका जुन्या खाणगावाच्या दप्तरखान्यात काम केले. जनगणनेची पाने, न्यायालयाच्या दंडवह्या, घरांची खरेदीखते आणि विम्याचे नकाशे यांच्यातच माझा दिवस जात असे, त्यामुळे माझे उत्तर कागदांच्या बाजूने झुकलेले असणार, हे आधीच सांगते. आपण नायिकेच्या स्वभावाविषयी विचारले आहे, पण मला आपली अडचण वेगळीच वाटते. स्वभाव कोणताही चालेल. उदार, कजाग, भित्र्या, देवभोळ्या, सर्व प्रकारच्या बायका त्या घरांत होत्या. आपल्या प्रकरणात खटकते ती धाड. त्या धाडीमागे असे गृहीत आहे की कुंटणखाना गावाच्या बाहेरचा आहे, कायद्याच्या विरोधात उभा आहे आणि गाव त्याला उखडायला निघाले आहे. प्रत्यक्षात अशा बहुतेक गावांत कुंटणखाना गावाच्या हिशेबाच्या वहीत होता.

कॅन्ससमधील गुरांच्या बाजारपेठेची गावे घेऊ, कारण तिथला पुरावा सर्वांत स्वच्छ आहे. टेक्सासहून हाकत आणलेले कळप जिथे रेल्वेत चढवले जात, त्या एल्सवर्थ गावाला १८७३ मध्ये वेश्यांवरील दंडातून महिन्याला सुमारे ३०० डॉलर मिळत असल्याचे त्या वेळच्या वृत्तपत्रानेच लिहिले आहे. विचिटामध्ये प्रत्येक बाईला दर महिन्याला ८ डॉलर दंड आणि २ डॉलर न्यायालयाचा खर्च होत असे. घर चालवणारीला त्याहून जास्त. कायद्याने व्यवसाय गुन्हाच होता, पण दंड भरला की महिनाभर कोणी विचारत नसे, आणि पुढच्या महिन्यात तीच नावे त्याच क्रमाने पुन्हा वहीत उमटत. म्हणजे हा दंड नावापुरता दंड आणि व्यवहारात परवाना शुल्क होता. त्या पैशातून पोलिसांचे पगार निघत आणि व्यापाऱ्यांवर कर कमी बसे, म्हणून तक्रार करणारे सद्गृहस्थ करवाढीचा विषय निघाला की गप्प होत. विचिटाच्या या वहीत १८७४ मध्ये बेसी अर्प हे नाव आहे. पुढे कायद्याचा रखवालदार म्हणून दंतकथा बनलेल्या वायट अर्पची ती भावजय, त्याचा भाऊ जेम्स याची बायको. वायट स्वतः १८७२ मध्ये इलिनॉयमधील पिओरिया गावात कुंटणखान्यांवरील कारवाईत पकडला गेला होता आणि १८७५ मध्ये त्याच विचिटाच्या पोलिसांत रुजू झाला. पडद्यावर कायदा आणि कुंटणखाना समोरासमोर उभे असतात; अर्प कुटुंबात ते एका टेबलावर जेवत होते.

तेव्हा आपल्या पहिल्या प्रकरणातला मार्शल रात्री दार फोडण्याऐवजी महिन्याच्या ठरल्या दिवशी सकाळी, टोपी हातात धरून, वही घेऊन आला, तर प्रसंग अधिक खरा होईल आणि माझ्या मते अधिक तणावाचाही होईल. समजा, त्याने या महिन्यात दोन बायकांचे नाव जास्त लिहिले आहे. किंवा शेजारच्या घराचा दंड माफ केला आहे आणि तो का माफ झाला हे नायिकेला ठाऊक आहे. बंदूक काढण्यापेक्षा पावती मागण्यात जास्त धोका असलेली ती जागा होती.

आता कोणत्या गोष्टी परिस्थितीवर अवलंबून होत्या ते सांगायला हवे, कारण ‘सीमेवरचा कुंटणखाना’ असा एकच एक प्रकार कधीच नव्हता. गुरांच्या गावातला धंदा हंगामी होता. कळप उन्हाळ्यात येत, गुराख्यांना महिन्याकाठी २५ ते ४० डॉलरच्या हिशेबाने अनेक महिन्यांचा थकलेला पगार एकदम हातात मिळे, आणि थंडी पडली की निम्म्या बायका दुसऱ्या गावी निघून जात. युनियन पॅसिफिक रेल्वे १८६७ आणि १८६८ मध्ये पश्चिमेकडे सरकत असताना रुळांच्या टोकाला तंबूंची गावे उभी राहत आणि रूळ पुढे गेले की तंबू, दारू, जुगार आणि बायका गाडीत चढून पुढच्या टोकाला जात. लष्करी ठाण्यांच्या हद्दीबाहेर, म्हणजे कमांडरचा हात पोहोचत नाही अशा अंतरावर, मातीच्या भिंतींची अत्यंत दरिद्री ठिकाणे असत. वायोमिंगमधील फोर्ट लॅरमीजवळच्या अशा ठिकाणाला सैनिक चक्क ‘डुकरांचे रँच’ म्हणत. खाणगावाचे मात्र वेगळे होते. तिथे पुरुष बारमाही राहत, पगार नियमित होता, म्हणून घरेही टिकाऊ बांधली जात. माँटानातील ब्यूट गावात १८९० मध्ये विटांनी बांधलेले ड्युमा नावाचे घर १९८२ पर्यंत चालू होते. ते बांधणारे नादो बंधू हे पुरुष होते, हेही लक्षात ठेवावे.

या सर्वांच्या मुळाशी एक साधे गणित आहे. १८४८ च्या जानेवारीत कॅलिफोर्नियात सोने सापडले आणि १८५० च्या जनगणनेत त्या राज्यातील लोकसंख्येत नव्वद टक्क्यांहून अधिक पुरुष होते. जिथे कुटुंबे आधी पोहोचली तिथे ही व्यवस्था अशी वाढली नाही. जी. ए. कुलकर्णी यांनी अमेरिकन लेखक कॉनराड रिक्टरच्या कादंबऱ्या ‘रान’, ‘शिवार’ आणि ‘गाव’ या नावांनी मराठीत आणल्या, त्यांतली सीमा ओहायोच्या जंगलात झाडे तोडून वसणाऱ्या कुटुंबाची आहे. मराठी वाचकाला सीमाजीवन समजणार नाही अशी शंका आपल्या मनात असेल, तर त्या तीन पुस्तकांनी ती केव्हाच मिटवली आहे. फक्त आपली सीमा ती नव्हे. आपली सीमा पगारदार, एकट्या आणि शेअर बाजाराच्या भावावर जगणाऱ्या माणसांची आहे.

नेवाडा म्हटले की सर्वांत मोठे उदाहरण व्हर्जिनिया सिटीचे, आणि आपण गावाचे नाव दिले नसले तरी वर्णनावरून तेच डोळ्यांपुढे असावे. १८५९ मध्ये तिथे कॉमस्टॉक नावाचा चांदीचा प्रचंड साठा उघड झाला. १८७५ पर्यंत ते लाकडी खोपट्यांचे गाव राहिलेले नव्हते. रेल्वे होती, दैनिके होती, खाणकामगारांची बळकट संघटना होती आणि जमिनीखालच्या कामाला दिवसाला ४ डॉलर असा त्या काळात उत्तम समजला जाणारा पगार होता. गाव डोंगराच्या उतारावर पायऱ्यांसारखे वसलेले होते. रस्त्यांना वरून खाली ए, बी, सी, डी अशी नावे. मालदार मंडळी वर, व्यापार मध्ये सी स्ट्रीटवर, बायकांची घरे एक पायरी खाली डी स्ट्रीटवर आणि चिनी वस्ती त्याच्याही खाली. गावाची उतरंड शब्दशः पायाखाली होती. आणखी एक गोष्ट आपल्याला टाळता येणार नाही. २६ ऑक्टोबर १८७५ रोजी या गावाचा मोठा भाग आगीत जळाला. आपली कथा त्या आगीच्या आधीची की नंतरची, हे ठरवल्याशिवाय नायिकेच्या घराची एक भिंतसुद्धा उभी करू नये.

आपल्या नायिकेचे मूळ व्हर्जिनिया सिटीतील ज्युलिया ब्युलेट या वेश्येत असावे असा माझा अंदाज आहे, कारण पश्चिमेवरच्या अनेक कथांतील नायिकांचे मूळ तिथेच निघते. दंतकथा अशी: ती कॉमस्टॉकची राणी होती, तिचा महाल होता, घोडागाडी होती, रोगाच्या साथीत तिने खाणकामगारांची शुश्रूषा केली आणि तिच्या मृत्यूनंतर अख्खे गाव रडले. कागदांतली ज्युलिया डी स्ट्रीटवर एका छोट्या भाड्याच्या लाकडी घरात एकटी व्यवसाय करत होती. तिच्याकडे कुंटणखाना नव्हता आणि संपत्तीही नव्हती. मागे उरले ते कपडे, काही दागिने आणि तिच्याकडून पैसे येणे असलेल्यांचे दावे. २० जानेवारी १८६७ रोजी ती घरात खून झालेल्या अवस्थेत सापडली. अग्निशमन दलाच्या पहिल्या क्रमांकाच्या पथकाने तिला मानद सदस्य करून घेतले होते, आणि त्या पथकाने तिला मिरवणुकीने निरोप दिला, एवढे मात्र खरे आहे. जॉन मिलेन नावाच्या फ्रेंच माणसाला तिच्या चोरीला गेलेल्या वस्तूंवरून पकडून २४ एप्रिल १८६८ रोजी जाहीर फाशी देण्यात आली. प्रेक्षकांत लेखक मार्क ट्वेन होता. तुरुंगातल्या मिलेनला गावातील काही प्रतिष्ठित स्त्रिया खाऊचे डबे नेऊन देत, अशी नोंद आहे. ज्युलियाच्या शवपेटीमागे चालणारे अग्निशामक आणि तिच्या मारेकऱ्याला डबे पोहोचवणाऱ्या गृहिणी यांना एकाच गावात राहू द्या. दंतकथेतल्या राणीपेक्षा कादंबरीला त्यांतून जास्त मिळेल.

म्हणजे पैसेवाली मालकीण खोटीच का? तसे नाही. माँटानातील हेलेना गावात जोसेफिन नावाची आयरिश बाई १८६७ मध्ये आली आणि ‘शिकागो जो’ या नावाने नृत्यगृहाची आणि पुढे नाट्यगृहाची मालकीण झाली. जमिनी गहाण ठेवून कर्ज काढायचे आणि त्यातून नव्या इमारती उभारायच्या, ही तिची पद्धत होती. १८८० च्या दशकात माँटानात ‘हर्डी-गर्डी’ घरांवर, म्हणजे पैसे देऊन बाईबरोबर नाचायच्या ठिकाणांवर बंदी आली आणि तिच्यावर खटला झाला, तेव्हा तिच्या वकिलाने असा युक्तिवाद केला की हर्डी-गर्डी हे एक वाद्य आहे आणि माझ्या अशिलाच्या घरात पियानो आणि व्हायोलिन वाजते. ती सुटली. पण १८९३ च्या आर्थिक संकटात तिची बहुतेक मालमत्ता गेली आणि १८९९ मध्ये ती वारली. कोलोरॅडोतील डेन्व्हर शहराच्या मार्केट स्ट्रीटवरच्या जेनी रॉजर्स आणि मॅटी सिल्क्स यांच्या नावानेही घरांची खरेदीखते आहेत. त्या काळात स्त्रीला स्वतःच्या नावावर पैसा कमावण्याचे मार्ग फारच थोडे होते, आणि अशा एखाद्या बाईने खरेदीखत करून घेतलेले पाहिले की दप्तरखान्यात बसूनही माझी मान कौतुकाने हलत असे.

त्या कौतुकाचा दुसरा भाग मात्र त्याच खरेदीखताच्या आत असतो. मालकीण पैसा मिळवत होती तो कोणाकडून? तिच्या घरातील मुलींकडून दर आठवड्याला राहण्या-जेवण्याचे पैसे, त्यांच्या कमाईतला वाटा, तिच्याच ओळखीच्या दुकानातून उधारीवर घ्यायला लावलेले कपडे आणि गिऱ्हाइकाला कितीतरी पट भावाने विकलेली दारू, यांतून. उधारी फिटेपर्यंत मुलीला घर सोडता येत नसे, आणि उधारी फिटू नये अशीच तिची रचना होती. डकोटातील डेडवुड गावात अल स्वेरेंजेन याने १८७७ मध्ये ‘जेम’ नावाचे नाट्यगृह उघडले. तो दूरच्या गावांतून मुलींना रंगमंचावरील कामाचे आमिष दाखवून आणत असे आणि परतीचे भाडे जवळ नसलेल्या मुलींना तिथेच अडकवत असे. आपल्या नायिकेला उदार करायचे असेल तर जरूर करा, पण तिच्या घरातील एका तरी मुलीचे खाते वाचकाला उघडून दाखवा. ते खाते नायिकाच लिहिते, एवढे कळले की तिचे औदार्य आपोआप गुंतागुंतीचे होईल.

घरांच्याही पायऱ्या होत्या. वर पार्लर हाऊस, जिथे बैठकीची खोली, पियानो, ठरावीक गिऱ्हाईक आणि एका भेटीला ५ डॉलर किंवा त्याहून जास्त. म्हणजे खाणकामगाराच्या एका दिवसाच्या पगाराहून अधिक. तळाला क्रिब, म्हणजे रस्त्याकडे एक दार आणि एक खिडकी असलेली एका खाटेपुरती खोली, जिथे दर डॉलरच्या आत उतरत असे. क्रिबला मराठीत ‘खुराडे’ म्हणावे असे मला वाटते. मूळ इंग्रजी शब्द गुरांच्या गव्हाणीचा आहे, पण आपल्या कानाला खुराडेच बरोबर लागते. बायका साधारणपणे वरून खाली सरकत. वय, आजार, दारू किंवा अफूच्या अर्काची सवय यांपैकी काहीही त्यांना एक पायरी खाली आणायला पुरेसे होते. गुप्तरोगांवर तेव्हा पारा देत. १९१० पर्यंत त्याहून बरे औषधच आले नव्हते. कोलोरॅडोतील क्रिपल क्रीक या खाणगावातील सर्वांत महागड्या घराची मालकीण पर्ल डव्हेर १८९७ मध्ये मॉर्फिनच्या अतिमात्रेने मेली. त्याच गावातला एक प्रसंग सांगितल्याशिवाय राहवत नाही. १९१४ मध्ये ज्युलियन स्ट्रीट नावाच्या लेखकाने गावाच्या बदनाम रस्त्यावर मासिकात लेख लिहिला, आणि चिडलेल्या गावाने त्या रस्त्यालाच त्याचे नाव देऊन टाकले.

आपल्या आराखड्यात एका चिनी नोकराचा उल्लेख आहे, पण चिनी स्त्री एकही नाही. १८७५ या सालासाठी ही मोठी फट आहे. सॅन फ्रान्सिस्कोत आणि खाणगावांत अनेक चिनी मुली विकत आणलेल्या असत. त्यांच्याकडून वर्षानुवर्षांच्या करारावर अंगठा घेतला जाई आणि आजारपणाचे दिवस करारात मोजले जात नसत. नेमक्या १८७५ मध्ये अमेरिकेच्या संसदेने पेज कायदा करून ‘अनैतिक कारणासाठी’ येणाऱ्या चिनी स्त्रियांना बंदी केली, आणि तो कायदा असा राबवला गेला की साध्या बायकांनाही नवऱ्यापाशी येणे अवघड झाले. इथे एक सावधगिरी मात्र हवी. १८७० च्या जनगणनेत कॅलिफोर्नियातील बहुसंख्य चिनी स्त्रियांपुढे ‘वेश्या’ असे लिहिले आहे, पण ते लिहिणारा गणक गोरा होता, त्याला चिनी येत नव्हती, आणि एका घरात दोन बायका दिसल्या की त्यातली दुसरी बायको असू शकते हे त्याच्या डोक्यात येत नव्हते. मूळ रहिवासी जमातींच्या स्त्रियांची स्थिती तर नोंदवहीच्याही बाहेर होती. कॅलिफोर्नियाच्या १८५० च्या एका कायद्याने त्यांना आणि त्यांच्या मुलांना वेठीस धरण्याला कायदेशीर आवरणच दिले होते.

गणकावर मी रागावते, पण तीच चूक मीही केली आहे. नोकरीच्या दुसऱ्या वर्षी मला १८८० च्या जनगणनेत सहा तरुण स्त्रिया एका छपराखाली सापडल्या. सहाही ‘शिवणकाम करणाऱ्या’. अशा गावांत शिवणकाम, टोप्या बनवणे, बोर्डिंग हे शब्द बहुधा आडपडदा म्हणून वापरत, म्हणून मी मोठ्या आत्मविश्वासाने त्या घरावर शिक्का मारला आणि माहितीपत्रकातही तसे छापले. चार वर्षांनी कराच्या वहीत त्या घरातील सहा शिवणयंत्रांवर आकारलेला कर सापडला. त्या खरोखरच कपडे शिवत होत्या. तेव्हापासून मी एका कागदावर कधीच विश्वास ठेवत नाही. जनगणनेत संशय आला की दंडवही पाहते, दंडवहीत नाव मिळाले की सॅनबॉर्न कंपनीचे विम्याचे नकाशे उघडते. आग लागण्याचा धोका मोजण्यासाठी काढलेल्या त्या नकाशांत लाकडी घर पिवळे, विटांचे गुलाबी असते, आणि कुंटणखान्यावर ‘फीमेल बोर्डिंग’ किंवा नुसती दोन आद्याक्षरे असतात. विमा कंपनीला नीतीशी कर्तव्य नव्हते, म्हणून तिचा नकाशा वृत्तपत्रापेक्षा प्रामाणिक. १८९० च्या राष्ट्रीय जनगणनेचे बहुतेक कागद मात्र १९२१ च्या आगीत आणि त्यानंतरच्या दुर्लक्षात नष्ट झाले, त्यामुळे त्या दशकावर लिहिणाऱ्याचे हात बांधलेले असतात. आपण नशीबवान आहात. नेवाडाने १८७५ मध्येच राज्याची स्वतंत्र जनगणना केली होती.

राहिला चित्रपटांचा प्रश्न. उदार वेश्येची व्यक्तिरेखा सिनेमाने जन्माला घातलेली नाही. ब्रेट हार्टने १८६९ मध्ये लिहिलेल्या, पोकर फ्लॅट या गावातून हाकलून दिलेल्या माणसांच्या कथेत एक वयस्क वेश्या आपल्या वाटणीचे अन्न एका निरागस मुलीसाठी राखून ठेवते आणि स्वतः उपासमारीने मरते. कथा हृद्य आहे, पण तिने एक पायंडा पाडला: वेश्येला वाचकाच्या सहानुभूतीस पात्र व्हायचे असेल तर तिने शेवटी मेले पाहिजे किंवा निदान त्याग केला पाहिजे. पुढे १९३४ पासून हॉलीवूडमध्ये नीतिसंहितेची कडक अंमलबजावणी सुरू झाली आणि पडद्यावर कुंटणखाना दाखवणे अशक्य झाले. मग लेखकांनी तीच बाई उचलून मद्यगृहात आणली, तिला पिसांचा आणि साटीनचा झगा दिला, आणि तिचा धंदा कोणता हे कोणीही उच्चारायचे नाही असा करार प्रेक्षकांशी केला. प्रत्यक्षात नाचणारी बाई आणि वेश्या यांच्यात फरक असे आणि नाचणाऱ्या तो फरक कसोशीने पाळत. गिऱ्हाईक एका नाचाचे पैसे देई, त्यातला अर्धा वाटा तिचा. त्यातल्या कित्येक जणी जर्मनीच्या हेसे भागातून आलेल्या होत्या. पोशाखाचेही तसेच. इंटरनेटवर ‘सीमेवरच्या बायका’ म्हणून फिरणारी अनेक छायाचित्रे नंतरच्या काळातल्या नट्यांची किंवा युरोपातील पोस्टकार्डांची असतात. डेन्व्हरमध्ये १८७७ साली मॅटी सिल्क्सने दुसऱ्या मालकिणीशी अर्धनग्न होऊन पिस्तुलाचे द्वंद्व खेळल्याची कथा आजही पर्यटकांना सांगतात. त्या वेळच्या वृत्तपत्रांत सापडते ती दारूच्या भरातली हाणामारी आणि मानेला गोळी चाटून गेलेला मॅटीचा प्रियकर.

मराठीत लिहिताना शब्दांची निवड हा वेगळा काटा आहे. ‘कोठा’ लिहिलेत की वाचकाच्या कानात तबला आणि ठुमरी सुरू होईल, आणि ती चूक पुढची शंभर पाने निस्तरता येणार नाही. ‘घरवाली’ म्हटले की तो थेट कामाठीपुऱ्यात जाईल. ‘कुंटणखाना’ निवेदकाने वापरावा. पात्रांच्या तोंडी मात्र ‘घर’ आणि ‘बोर्डिंग’ हेच चांगले, कारण त्या बायका स्वतःला बोर्डर, म्हणजे पैसे देऊन राहणाऱ्या, म्हणवत आणि मालकिणीला नाव घेऊन ‘मिस’ लावत. ‘सलून’ हा शब्द तर कृपा करून टाळावा. माझ्या भावाने लहानपणी एका अनुवादात नायक सलूनमध्ये शिरला आणि बाहेर आला तेव्हा त्याच्या पायात त्राण नव्हते असे वाचले, आणि केस कापताना असे काय झाले असावे हे त्याला कित्येक दिवस कळेना. ‘गुत्ता’ किंवा ‘दारूचा अड्डा’ लिहावे. आपल्याकडच्या व्यवस्थेचा संदर्भ द्यायचा मोहही आवरावा. ब्रिटिशांनी १८६४ च्या कॅन्टोन्मेंट कायद्याने छावण्यांतील बायकांची नोंदणी आणि वैद्यकीय तपासणी सक्तीची केली होती. अमेरिकेच्या पश्चिमेत अशी सरकारी तपासणी सहसा नव्हती. सेंट लुईस शहराने १८७० मध्ये तसा प्रयोग केला, तो चार वर्षांत गुंडाळावा लागला. म्हणून आपल्या मार्शलच्या मागे सरकारी डॉक्टर उभा करू नये. त्याच्या हातात वही पुरे.

नायक तिच्याशी शेवटी लग्न करू शकेल का, असेही आपण विचारले आहे. करू शकेल. लग्न करून गावच बदलणाऱ्या बायका पुष्कळ होत्या, आणि गाव बदलले की नाव बदलत असल्यामुळे आम्हा दप्तरखान्यातल्या लोकांना त्या पुढे सापडत नाहीत. डॉक हॉलिडे या प्रसिद्ध जुगारी बंदूकबाजाची सोबतीण, हंगेरीत जन्मलेली केट, हीही त्या जीवनातून बाहेर पडली आणि १९४० मध्ये ॲरिझोनातील पायोनियर, म्हणजे सुरुवातीला येऊन वसलेल्या लोकांच्या वृद्धाश्रमात वारली. आपल्या नायिकेला म्हातारी होऊ देण्याचा पर्याय आहे, एवढेच त्यावरून सांगायचे आहे.

लिहायला पुन्हा बसण्याआधी एक काम करावे. अमेरिकेच्या काँग्रेस ग्रंथालयाने विम्याचे हे नकाशे आणि त्या काळातील पुष्कळ वृत्तपत्रे संकेतस्थळावर विनामूल्य ठेवली आहेत. व्हर्जिनिया सिटीचा नकाशा आगीनंतरचा मिळाला तरी चालेल, कारण उतार आणि रस्ते तेच राहिले. डी स्ट्रीट शोधावा, एका घरावर बोट ठेवावे, आणि त्याच्या मागच्या खिडकीतून खाली चिनी वस्ती दिसते की समोरच्या दारातून वर सी स्ट्रीटची व्यापारी घरे दिसतात, ते पाहावे. मग मार्शलला कोणत्या बाजूने यायचे आहे ते ठरवावे.